वेडाचे आकडे

वंश, मानसशास्त्र आणि समाज यांवर लिहिणाऱ्या इतिहासकाराच्या पुस्तकांची तुमच्या लेखातली ओळख आवडली, पण तिच्यात १८४० ची अमेरिकी जनगणना कशी काय राहून गेली? उत्तरेतल्या स्वतंत्र कृष्णवर्णीयांत वेडाचं प्रमाण दक्षिणेतल्या गुलामांपेक्षा कितीतरी पट जास्त, असं त्या जनगणनेत छापलं होतं. डॉ. एडवर्ड जार्व्हिस यांनी तक्ते नीट तपासले, तर काही गावांत कृष्णवर्णीय माणूस औषधालाही नाही आणि वेड्यांच्या रकान्यात मात्र ते हजर! तरीही १८४४ मध्ये परराष्ट्रमंत्री कॅल्हून यांनी हेच आकडे गुलामगिरीच्या समर्थनासाठी बिनदिक्कत पुढे केले. १८५१ मध्ये डॉ. कार्टराइट यांनी तर गुलामाच्या पळून जाण्यालाच आजार ठरवलं. वर उपाय काय, तर चाबूक. पुढच्या लेखात यावर सविस्तर वाचायला आवडेल.