बिब्याचं नाव, काजूचं ॲसिड: सत्तरीकरांना उत्तर

सत्तरीकर, नमस्कार. काजूच्या मोसमावरच्या लेखाखालची तुमची प्रतिक्रिया दोनदा वाचली. पहिल्यांदा राग आला, हे कबूल करतो. लेखात चांगलाच बिब्बा घातलात! पण विषयच बिब्याचा असल्याने तो घातला हे बरंच झालं.

बाकीच्यांसाठी थोडक्यात सांगतो. ओला काजू सोलताना हात पोळतात ते टरफलातल्या ‘ॲनाकार्डिक ॲसिड’मुळे, आणि काजू भाजला की ते नाहीसं होतं, असं मी लिहिलं होतं. त्यावर सत्तरीकर म्हणतात: टरफलात असतं ते तेल, त्याला ॲसिड म्हणून लोकांना उगाच घाबरवू नका. ‘कार्डिक’ म्हणजे हृदयाचं, तेव्हा हा शब्द हृदयाच्या एखाद्या औषधाचा असणार आणि मी तो कुठून तरी उचलून काजूला चिकटवलाय. वापरायचाच तर ‘काजू-आम्ल’ किंवा ‘हृदयाम्ल’ म्हणा. आणि शेवटी, ‘लेखक काजूच्या बागेत कधी गेला नसावा.’

आधी बाग. गोव्यात डिचोलीकडे माझ्या मामाची होती. मामी ओले काजू आदोळीवर, म्हणजे विळीवर, उभे चिरायची. त्याआधी दोन्ही हातांना खोबरेल, वर चुलीतली राख. मी असेन नऊ-दहा वर्षांचा. राखेने हात काळे होतात म्हणून तसाच सोलायला बसलो आणि नंतर विहिरीवर नुसत्या पाण्याने हात धुतले. त्या दिवशी काही झालं नाही. दुसऱ्या दिवशी खाज, तिसऱ्या दिवशी बोटांच्या बेचक्यांत पाण्याने भरलेले फोड. मग आठवडाभर उकडलेल्या बटाट्याच्या सालीसारखी कातडी निघत होती. म्हणजे बागेत गेलोय.

आता तेल की ॲसिड? दोन्ही. काजूच्या टरफलाच्या आत मधाच्या पोळ्यासारखी जाळी असते, तिच्यात हे तपकिरी दाट तेल भरलेलं असतं. ते एकजिनसी नाही. कच्च्या तेलात निम्म्याहून जास्त, साधारण ६० ते ७० टक्के, ॲनाकार्डिक ॲसिड. उरलेल्यात कार्डॉल, आणि थोडं कार्डानॉल. ॲसिड म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर बॅटरीतलं पाणी येतं, हा शब्दाचा दोष नाही, आपल्या सवयीचा. ज्या सॅलिसिलिक ॲसिडपासून ॲस्पिरिन करतात, त्याला पंधरा कार्बनची लांब शेपटी जोडा, की झालं ॲनाकार्डिक ॲसिड. डोकं ॲसिडचं, शेपटी तेलाची. शेपटीत दुहेरी बंध कधी एकही नसतो, कधी एक, कधी दोन, कधी तीन. अशी ही चार भावंडं एकत्रच नांदतात, म्हणून रसायनवाले हा शब्द बरेचदा अनेकवचनात वापरतात. शेपटीमुळे ते पाण्यात विरघळत नाही, नुसत्या पाण्याने हातावरून जात नाही, आणि कातडीत मात्र सहज शिरतं. विहिरीचं पाणी मला का पावलं नाही, ते मला फार उशिरा कळलं.

ॲसिडपणाचा पुरावा हवा असेल तर चुना घ्या. या तेलात विरी गेलेल्या चुन्याचं कॅल्शियम मिसळलं की फक्त ॲनाकार्डिक ॲसिड त्याला धरतं आणि त्याचा साका खाली बसतो. कार्डॉल-कार्डानॉल वरच्या वर राहतात. प्रयोगशाळेत ते वेगळं काढण्याची ही नेहमीची रीत. (हातावर चुना चोळा असं मी म्हणत नाहीये, कृपा करून कोणी चोळू नका.)

पण इथेच तुमचा एक मुद्दा मला मान्य करावा लागतो, जरी तुम्ही तो नेमका असा मांडलेला नाही. फोडांचं सगळं खापर मी ॲनाकार्डिक ॲसिडवर फोडलं, ते बरोबर नव्हतं. प्रमाणात कमी असूनही फोड आणण्यात कार्डॉलचा हात मोठा. अख्ख्या तेलाला एका घटकाचं नाव देऊन मी मोकळा झालो. ‘टरफलाचं तेल’ म्हणणंच तिथे योग्य होतं.

हृदयाचं मात्र ऐका, कारण ही गोष्ट गोव्यातून जाते. ‘ॲनाकार्डियम’ हा शब्द युरोपातल्या जुन्या वैद्यांचा, आणि त्यांच्या लेखी त्याचा अर्थ काजू नव्हताच. काजू तेव्हा ब्राझीलमध्ये होता, यांना ठाऊकही नव्हता. ॲनाकार्डियम म्हणजे आपला बिबा, भल्लातक. फळ हृदयाच्या आकाराचं, म्हणून ‘कार्डिया’. गार्सिया द ऑर्ता या पोर्तुगीज वैद्याने १५६३ साली आपल्या गोव्यातच औषधी द्रव्यांवरचा ग्रंथ छापला, त्यात ‘अनाकार्दो’वर वेगळं प्रकरण आहे आणि इथले लोक त्याला ‘बिबो’ म्हणतात असं तो लिहितो. पुढे पोर्तुगीजांनी आणलेला काजू रुजला. टरफलात तसंच जाळणारं तेल, आकारही जवळचा, म्हणून बिब्याचं नाव त्याला चिकटलं. १७५३ मध्ये वनस्पतींना शास्त्रीय नावं देणाऱ्या लिनियसने काजूचं नाव ‘ॲनाकार्डियम ऑक्सिडेंटाले’, म्हणजे पश्चिमेचा बिबा, असं पक्कं केलं. मूळ मालक असलेल्या बिब्याला मागाहून ‘सेमेकार्पस’ हे नवं नाव मिळालं: खुणेचं फळ, धोबी कपड्यांवर खूण करायला वापरायचे ते. १८४७ मध्ये काजूच्या तेलातून हे ॲसिड वेगळं निघालं तेव्हा झाडाच्या नावावरून त्याचं बारसं झालं. हृदयविकाराशी त्याचा संबंध एवढाच.

आणि आपणही तेच केलं, बरं का. गोव्यात ओल्या काजूगरांना ‘बिबे’ म्हणतात. बिब्यांचं तोणाक (रस्सा) जेवताना कुणाला भल्लातक आठवतो? लॅटिनमध्ये जी उचलेगिरी झाली तीच कोंकणीत, आणि मला वाटतं कारणही तेच: हात पोळले की बिबा आठवतो. संस्कृतातलं बिब्याचं एक नाव आहे ‘अरुष्कर’, म्हणजे जखम करणारा. उलट गंमत अशी की खऱ्या बिब्यातल्या जाळणाऱ्या रसायनाला शास्त्रज्ञांनी ‘भिलावनॉल’ नाव दिलं, हिंदीतल्या भिलाव्यावरून. म्हणजे बिब्याचं ग्रीक नाव काजूकडे गेलं आणि देशी नाव तेवढं त्याच्याकडे उरलं.

म्हणून ‘हृदयाम्ल’ नको. वाचणारा ते हृदयात शोधेल, तुम्ही शोधलंत तसंच. ‘काजू-आम्ल’ ऐकायला बरं आहे, पण गोव्यात काजू म्हटलं की निम्म्या लोकांच्या मनात बोंडू, म्हणजे बी लागते ते रसाळ फळ, येतो. बोंडवाचा आंबट-तुरटपणा वेगळा, त्यात हे तेल नसतं. उद्या कोणी विचारेल, हुर्राकात (बोंडवाच्या रसाच्या दारूत) किती काजू-आम्ल असतं? रसायनाबद्दल बोलताना मी ‘ॲनाकार्डिक ॲसिड’च म्हणेन, आणि हाताला काय लागलं ते सांगताना ‘तेल’ किंवा ‘चीक’.

राहिलं भाजणं. ‘आमची आजी काजू डब्यात भाजायची, कोणाला काही झालं नाही,’ असं तुम्ही लिहिलंय. तुमचा अनुभव खरा, पण माझं ‘नाहीसं होतं’ हे वाक्य चूक. तापवल्यावर ॲनाकार्डिक ॲसिडच्या डोक्यातून कार्बन डायऑक्साइड निघून जातो आणि त्याचं कार्डानॉल होतं. कारखान्यांतल्या गरम केलेल्या तेलात म्हणूनच कार्डानॉल भरपूर असतं. तेच पुढे ब्रेकच्या लायनिंगमध्ये आणि रंगांत जातं. भोकं पाडलेल्या डब्यात काजू भाजताना तेल पेट घेतं, ज्वाळा उठते, काळा धूर होतो, मग मामी वरून राख ओतायची. बरंचसं जळायचं, उरलेलं राख प्यायची. धुरात मात्र ते असतंच. मामी वाऱ्याची दिशा बघून आम्हाला दुसऱ्या बाजूला बसवायची, तेव्हा मला वाटायचं, डोळे चुरचुरतात म्हणून असेल.

लेखातली दोन्ही वाक्यं आज दुरुस्त केली आहेत, तुमच्या नावाच्या उल्लेखासह. देव बरें करूं. आता एक सांगा, सत्तरीत तुमच्याकडे खऱ्या बिब्याला काय म्हणतात?