टाकी ईशान्येलाच हवी!

सोसायटीचे सचिव व्हायचे असेल तर आधी अभियांत्रिकीची पदवी मिळवावी. ती एकदा भिंतीवर टांगली की वापरण्याची सक्ती उरत नाही.

वर्षभरात इमारतीतील दोघांना मधुमेह निघाला आणि एकीचे लग्न मोडले, तर डॉक्टरांना किंवा नवऱ्या मुलाला काही विचारू नये, थेट वास्तुतज्ज्ञ बोलवावा. तो होकायंत्र काढून सांगेल की जमिनीखालची पाण्याची टाकी आग्नेयेला, म्हणजे साक्षात अग्नीच्या स्थानी आहे. आमच्याकडे त्याने हेच सांगितले, आणि २२ वर्षे थेंबभरही न गळलेली टाकी बुजवून ईशान्येला खणायला सुरुवात झाली. तेथे काळा दगड लागला, ब्रेकर आणावा लागला, आणि ११ दिवस आम्ही टँकरपुढे बादल्या घेऊन उभे राहिलो. माझ्या वाट्याला १७,००० रुपये आले. पावती मागितली तेव्हा ‘श्रद्धेची पावती नसते’ असे उत्तर मिळाले. देखभालीचे पैसे एक दिवस उशिरा भरले तर मात्र दंडाची पावती न मागता मिळते!

काम झाल्यावर हिशेब चोख ठेवावा. कोणाच्या मुलाला नोकरी लागली तर ती टाकीमुळे. कोणी जिन्यात पडून मनगट मोडून घेतले तर फळ मिळायला सव्वा वर्ष लागते. जिला खोटे ठरण्याची तारीखच दिलेली नाही, ती समजूत मरणार कशी?

कायद्याला भिऊ नये. २०१३ च्या जादूटोणाविरोधी कायद्यातून वास्तुशास्त्र, ज्योतिष आणि पाणाड्यांचा (जमिनीतले पाणी शोधून देणाऱ्यांचा) सल्ला वगळलेला आहे.

आणि हे सगळे कोल्हापुरात करून भाषणात ‘शाहूंची नगरी’ हे शब्द अवश्य घालावेत.

आता सरळच बोलतो. २०१९ आणि २०२१ च्या महापुरांत पंचगंगा लोकांच्या घरांत शिरली, तेव्हा ईशान्य आणि आग्नेय एकाच पाण्याखाली होत्या, हे आपण सर्वांनी पाहिले आहे. अंधश्रद्धेविरुद्ध लढणाऱ्या नरेंद्र दाभोलकरांचा पुण्यात खून झाला, त्यानंतर दीड वर्षाने याच कोल्हापुरात सकाळी फिरायला गेलेल्या विवेकवादी नेते गोविंद पानसरे यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. तेव्हा तुम्ही मोर्चात चाललात, फोटो काढलेत, आणि सोसायटीच्या सभेत ‘करून बघायला काय हरकत आहे’ म्हणत हात वर केलात. लाज वाटायला हवी होती. शेजाऱ्यांशी वाईटपणा नको म्हणून मी गप्प बसलो, मलाही वाटायला हवी होती. हरकत होती! टाकी हलली म्हणून त्या दोघांनी मधुमेहाच्या गोळ्या बंद केल्या आहेत. त्यांना आधी सीपीआर या सरकारी रुग्णालयात घेऊन जा.