फौजेतला डॉक्टर जनतेच्या कामाचा नाही? एका फिरत्या संदेशाला उत्तर

नीटचा निकाल लागला की धुळे, जळगाव, नंदुरबारच्या पालकांच्या ग्रुपवर एक संदेश फिरू लागतो. मुलाला पुण्याच्या एएफएमसीत, म्हणजे फौजेच्या वैद्यकीय महाविद्यालयात घालू नका, असा त्याचा रोख. कारणं तीन दिलेली असतात. फौजेतला डॉक्टर फक्त जवानांच्या जखमा शिवतो. देशाची आरोग्यव्यवस्था सनदी अधिकाऱ्यांनी उभारली, लष्करी डॉक्टरांचा तिच्याशी संबंध नाही. आणि खानदेशातल्या खेड्यापाड्याला त्यांचा काडीचा उपयोग झालेला नाही. यातलं दुसरं कारण अर्धं खरं आहे, बाकीची दोन साफ चुकीची.

‘फक्त जखमा शिवतो’

जुन्या लढायांमध्ये गोळीपेक्षा हगवण, पटकी, विषमज्वर आणि हिवतापाने जास्त सैनिक मेले. म्हणून लष्करी वैद्यकात पाणी, संडास, डास आणि लस यांना शस्त्रक्रियेइतकंच वजन आलं. हिवताप डासामार्फत पसरतो याचा धागा रोनाल्ड रॉस यांना 1897 साली सिकंदराबादला सापडला. रॉस हे इंडियन मेडिकल सर्व्हिस (आयएमएस) या ब्रिटिश काळातल्या लष्करी वैद्यकीय सेवेचे अधिकारी होते. गावात ताप आला की आजही रक्तनमुना घेतात आणि डबकी बुजवतात, त्यामागे हाच शोध आहे.

‘आरोग्यव्यवस्था सनदी अधिकाऱ्यांनी उभारली’

प्राथमिक आरोग्य केंद्राची कल्पना मांडणाऱ्या समितीचे (1943 ते 46) अध्यक्ष सर जोसेफ भोर सनदी अधिकारी होते, हे खरं. संदेश तिथेच थांबतो, ही अडचण आहे.

भोर समितीच्या आधी, 1938 साली काँग्रेसने राष्ट्रीय नियोजन समिती नेमली होती. तिच्या आरोग्य उपसमितीचं काम कर्नल साहिबसिंग सोखी यांच्याकडे होतं. दर हजार लोकसंख्येमागे एक प्रशिक्षित आरोग्यसेवक असावा, ही त्या उपसमितीची शिफारस. 2005 साली राष्ट्रीय ग्रामीण आरोग्य अभियान सुरू झालं तेव्हा आशाताईंसाठी ठरलेलं प्रमाणही हजारामागे एक असंच आहे. आदिवासी भागात वस्ती विखुरलेली म्हणून ते शिथिल करून पाड्यागणिक आशा नेमता येते. धडगाव-अक्कलकुव्याच्या पाड्यावर आशाताई पोचते, तो विचार एका लष्करी डॉक्टरच्या अध्यक्षतेखाली फार आधी कागदावर आला होता.

सोखी यांची कारकीर्द मुद्दाम सांगायला हवी. आयएमएसमधून आलेला हा माणूस 1932 साली मुंबईच्या हाफकिन संस्थेचा पहिला भारतीय संचालक झाला आणि 1949 पर्यंत त्या पदावर राहिला. प्लेगच्या लशीवर आणि सल्फा औषधांनी प्लेग बरा करण्यावर त्या काळात तिथे मोलाचं काम झालं. पुढे ते जागतिक आरोग्य संघटनेचे सहाय्यक महासंचालक होते, 1952 पासून राज्यसभेचे नामनियुक्त सदस्यही. औषधं देशातच, सरकारी कारखान्यांतून आणि परवडणाऱ्या किमतीत व्हावीत, हा त्यांचा आग्रह. प्रयोगशाळा, धोरण आणि संसद या तिन्ही ठिकाणी काम केलेले डॉक्टर मोजकेच सापडतील.

आयएमएसचं कौतुक करताना एक गोष्ट झाकू नये. ती साम्राज्याची नोकरी होती, फौज आणि गोरे अधिकारी आधी, रयत नंतर. वरच्या जागा भारतीयांना फार उशिरा मिळाल्या. सोखींचं संचालकपद त्यामुळेच महत्त्वाचं ठरतं.

‘खानदेशाला काय उपयोग?’

उत्तर ग्रामपंचायतीच्या विहिरीवर आहे. पाणी शुद्ध करणारी टीसीएल, म्हणजे ब्लीचिंग पावडर किती टाकायची हे ज्या हॉरॉक्स चाचणीने ठरतं, ती ब्रिटिश लष्करी डॉक्टर विल्यम हॉरॉक्स यांनी सैन्याच्या पाण्यासाठी बसवली. पेटीत सहा पांढरे कप, आतून खूण असलेला एक काळा कप, 2 ग्रॅमचे चमचे, काचेच्या कांड्या, ड्रॉपर आणि स्टार्च-आयोडाइडचं द्रावण असतं.

काळ्या कपात सपाट चमचाभर पावडर घ्या, थोड्या पाण्यात कालवून खुणेपर्यंत पाणी भरा आणि गाळ बसू द्या. पांढऱ्या कपांत विहिरीचं पाणी काठाच्या सेंटिमीटरभर खाली घ्या. वरच्या निवळीचा पहिल्या कपात 1 थेंब, दुसऱ्यात 2, असं सहाव्यात 6 पर्यंत. प्रत्येक कप वेगळ्या कांडीने ढवळा. अर्ध्या तासाने प्रत्येकात स्टार्च-आयोडाइडच्या द्रावणाचे 3 थेंब. स्पष्ट निळा झालेला पहिला कप तिसरा असेल, तर 455 लिटरला 3 चमचे, म्हणजे 6 ग्रॅम पावडर लागेल.

आता मे महिन्यातली विहीर घ्या: व्यास 4 मीटर, पाण्याची खोली 3 मीटर. 3.14 × 4 × 4 × 3 ÷ 4 म्हणजे 37.68 घनमीटर, सुमारे 37,700 लिटर. तिसऱ्या कपाच्या हिशेबाने जवळपास 500 ग्रॅम. पावसाळ्यात पाण्याची खोली 6 मीटर झाली, पाणी, गढूळ झालं आणि निळा रंग पाचव्या कपात आला, तर त्याच विहिरीला साडेसोळाशे ग्रॅमच्या वर पावडर लागते. वर्षभर ठरावीक मापाने टाकणाऱ्या गावात पहिल्या पावसानंतर जुलाबाची साथ येते, त्याचं एक मोठं कारण हेच.

दुसरी चूक साठवणीत होते. ताज्या ब्लीचिंग पावडरमध्ये साधारण 33 टक्के क्लोरीन असतो. हवा, ओल, उजेड आणि उष्णता लागली की तो उडून जातो, आणि जळगावच्या 44-45 अंशांत पत्र्याच्या खोलीतलं उघडं पोतं झपाट्याने निकामी होतं. म्हणून पावडर घट्ट झाकणाच्या प्लास्टिकच्या डब्यात, सावलीत, जमिनीपासून उंच ठेवा. नवं पोतं फोडलं की चाचणी पुन्हा करा. पावडर शक्यतो रात्री टाका आणि किमान तासभर कुणाला पाणी भरू देऊ नका. नंतर पाण्यातला क्लोरीन दाखवणाऱ्या ओटी चाचणीत लिटरला 0.5 मिलिग्रॅम मोकळा क्लोरीन दिसला पाहिजे. विहिरीपाशी दिसला तरी शेवटच्या नळावर पुन्हा तपासा, कारण पाइप गळका असेल तर क्लोरीन वाटेतच संपतो.