हिडकलच्या जलाशयातील मंदिराबाबत खुलासा

माझ्या माहितीपटासाठी टिपलेले, घटप्रभा नदीच्या पाण्यातून डोकावणाऱ्या दगडी मंदिराचे एक दृश्य ‘हुक्केरी तालुक्यात नव्याने सापडलेले प्राचीन मंदिर’ अशा मजकुरासह बेळगाव-निपाणी भागात फिरत आहे; तो मजकूर माझा नाही आणि खराही नाही. ते हुन्नूरचे विठ्ठल मंदिर असून, हिडकल येथे धरण झाल्यावर पाण्याखाली गेले आणि उन्हाळ्यात जलाशय पुरेसा आटला की पुन्हा दिसू लागते. भूदृश्यातून इतिहास वाचू पाहणारी चित्रकार म्हणून, ज्यांचे गाव बुडाले त्यांच्या आठवणीतले मंदिर ‘सापडले’ म्हटलेले मला फार लागते. प्राचीन वास्तूच पाहायची असेल, तर बेळगावच्या किल्ल्यात रट्ट राजघराण्याच्या काळातील, १२०४ सालची कमल बस्ती (जैन मंदिर) उभी आहे. माझे दृश्य पुढे पाठवताना कृपया हुन्नूरचे नाव लिहावे.