मागनं धडकला, म्हणजे चूक त्याचीच?

सकाळी शाळेच्या ग्रुपवर फोटो आला. उसाची ट्रॉली आणि खाली घुसलेली मोटरसायकल. पुढचं लिहीत नाही. त्याखाली आमच्याच वर्गातल्या एका शहाण्याने टाकलंय, "मागनं धडकला ना? मग चूक त्याचीच. डोळे नव्हते का?" त्यावर नऊ जणांचे अंगठे. मी ग्रुप सोडला आणि आता इथे लिहितेय.

माझा दादा असाच गेला. जानेवारीतली रात्र, साडेदहाचा सुमार, आष्ट्याच्या अलीकडे. मागच्या ट्रॉलीचं चाक बसलं म्हणून ट्रॅक्टरवाल्याने ती रस्त्यातच सोडली आणि पुढची जोडून तो कारखान्याला गेला. मागे दिवा नाही, रिफ्लेक्टर नाही, झाडाचा एक फाटासुद्धा टाकलेला नाही. समोरून येणाऱ्या गाडीचा झोत डोळ्यांवर. अशा वेळी उसाची ट्रॉली दिसत नाही हो, रस्त्याचाच काळोख वाटतो.

आणि गुन्हा कोणावर? दादावर! "हयगयीने व भरधाव वेगाने मोटारसायकल चालवून स्वतःच्या मृत्यूस कारणीभूत." मेलेल्या माणसाला आरोपी करणं सगळ्यात सोपं, तो जबाब द्यायला येत नाही.

पंचनामा झाला दुसऱ्या दिवशी, ट्रॉली हलवल्यावर. वहिनीबरोबर मी ती बघायला गेले होते. मागच्या फळीवर लाल पट्टी, कोरी करकरीत. मी नखाने कोपरा उचलला तर पट्टी मातीसकट हातात आली. चिखलावरच चिकटवली होती! पंचनाम्यात मात्र एकच ओळ: "ट्रॉलीस पाठीमागे लाल रिफ्लेक्टर आहे."

मोटार वाहन कायद्याच्या कलम १६६ खाली भरपाई मागायची तर समोरच्याची निष्काळजी सिद्ध करायची. कोणी? तर त्या वेळी घरी भाकरी झाकून बसलेल्या बाईने. वहिनीची उलटतपासणी मी ऐकली आहे.

"अपघात झाला तेव्हा तुम्ही तिथे होता का?"

"नाही."

"मग रिफ्लेक्टर नव्हता हे तुम्ही ऐकीव माहितीवर सांगताय?"

वहिनी गप्प. विमा कंपनीचा वकील त्याचं काम करत होता, मान्य. पण हिमाचलच्या एसटीच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००९ सालीच सांगितलंय की अशा दाव्यात फौजदारी खटल्यासारखा काटेकोर पुरावा मागू नका, शक्यतेचं पारडं कुठे झुकतं ते बघा. वाहन रस्त्यात धोकादायकपणे सोडू नये असं कलम १२२ पण आहे. सगळं आहे. आणि तरी शेवटी तोलली जाते ती पंचनाम्यातली ती एक ओळ.

एक माणूस होता बघणारा. पहिला तिथे पोचलेला दूधवाला. हात जोडून म्हणाला, "ताई, मला रोज त्याच रस्त्यानं जायचंय." त्याच्यावर मी तेव्हा खूप चिडले होते. आता नाही चिडत. ट्रॅक्टरवाल्यावरही पूर्ण राग धरता येत नाही, ते पोरगं दोन रात्री झोपलं नव्हतं म्हणे. ज्यांनी त्याला दोन ट्रॉल्या जोडून पिटाळलं ते कुठल्याच कागदावर नाहीत.

खोटे दावे होतात, नसलेली गाडी घुसडणारे आहेत, माहितीये. दादाने हेल्मेट घातलं नव्हतं, तेही लिहून टाकते. पण हेल्मेट घातल्याने ट्रॉलीला दिवा लागत नाही.

"चूक न बघता ५ लाख मिळतात की," असंही सांगून झालंय लोकांचं. मिळतात, कलम १६४ खाली. ते घेतले की १६६ चा दावा संपला. दादा ३८ चा होता. १६६ च्या दाव्यात त्या वयाला वर्षाच्या कमाईचा गुणक १५ धरतात, म्हणजे कमाईला पंधराने गुणतात. घरात दोन पोरं. तुम्हीच हिशोब करा.

निकाल लागला, निष्काळजी पन्नास-पन्नास टक्के. रक्कम अर्धी. बाहेर पायरीवर वहिनीने मला विचारलं, "म्हणजे अर्धे ते चुकून गेले?" मला अजून उत्तर सुचलेलं नाही. माझ्या वर्गमित्राला मात्र एका फोटोवरून लगेच सुचलं.

आजच्या फोटोतला पोरगा कोणाचा हे कोणाला माहीत असेल तर घरच्यांना आत्ताच फोन करा. ट्रॉली हलवायच्या आधी मागच्या फळीचे फोटो काढा म्हणावं. पट्टी असेल तर कोपरा उचलून बघा.