जपानचं नाव घेऊन रायगडावर वाडा बांधू नका

आमच्या भावंडांच्या व्हॉट्सअॅप ग्रुपवर सध्या एकच वाद पेटलाय, रायगडावरचा राजवाडा पुन्हा उभा करावा की नाही. जुलै 2025 मध्ये युनेस्कोने मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारशाच्या यादीत घेतले तेव्हापासून ह्याला ऊत आलाय. एक पार्टी म्हणते नुसती जोती बघायला पुढची पिढी कशाला येईल, भव्य वाडा बांधा, लाईट अँड साऊंड करा. दुसरी म्हणते महाराजांच्या गडावरचा एक दगडही हलवायचा नाही. मी वाचून सोडून देत होते. पण मग मावसभावाने लिहिलं, "जपानने बॉम्बने जळालेले किल्ले जसेच्या तसे उभे केले, आपल्यालाच काय धाड भरलीय? ताई तिथेच आहे, विचारा तिला." मी जे खरं ते लिहिलं, की अरे त्यातले बहुतेक सिमेंटचे आहेत, लिफ्टसकट. तर काकांचं उत्तर आलं, परदेशात बसून सल्ले देणं सोपं असतं.

ते मला लागलं, म्हणून सविस्तर लिहितेय.

ह्या वादाच्या मध्येच मी कोबेहून ओकायामाला जाऊन आले. किल्ला आणि त्याच्या समोरची कोराकुएन बाग अशी गाइडबरोबरची पायी फेरी होती, आगाऊ नाव नोंदवलेली. नोझोमी बुलेट ट्रेनने अर्धा-पाऊण तास, स्टेशनहून शिरोशितापर्यंत ट्राम, तिथून चालत. आमचा गाइड म्हणजे सत्तरीच्या पुढचे एक आजोबा, अंगात जॅकेट, हातात लॅमिनेट केलेल्या जुन्या फोटोंची फाइल, आणि आमच्या गटात मी सोडून सगळे जपानी, बहुतेक रिटायर्ड.

आता भाऊ ज्याला "जसाच्या तसा" म्हणतो तो किल्ला ऐका. उकिता हिदेइए ह्या सरदाराने 1597 मध्ये पुरा केलेला काळा मनोरा 29 जून 1945 च्या पहाटे हवाई हल्ल्यात जळाला, त्या एका हल्ल्यात शहरातली दीड हजाराहून जास्त माणसं गेली. आज उभा आहे तो 1966 चा, सिमेंटचा. लांबून देखणा दिसतो, मला आवडतो पण. मात्र आजोबा आम्हाला घेऊन त्याच्यासमोर फारसे थांबलेच नाहीत. त्यांनी आम्हाला अंगणातल्या दगडांपाशी नेलं. जुना मनोरा ज्या दगडांवर उभा होता ते पायाचे दगड नवीन बांधकामाच्या वेळी काढून, होते त्याच मांडणीत शेजारच्या मोकळ्या जागेत जमिनीत बसवलेत. कुठला खांब कुठे होता हे तुम्ही त्यांच्यामधून चालत समजून घेऊ शकता. आजोबा एकेका दगडावर बोट ठेवून सांगत होते आणि आम्ही सगळे खाली वाकून बघत होतो. मनोऱ्याची एकच ओळ झाली: "हा 1966 चा, आत लिफ्ट आहे, पाय दुखत असतील तर वापरा." खोटं काही नाही, लपवालपवी नाही.

म्हणजे भाऊ ज्यांचा दाखला देतो तेच लोक जोत्याच्या दगडांपाशी अर्धा तास उभे राहतात. मला तिथे रायगडच दिसत होता. मेणा दरवाजातून आत गेल्यावर राणीवशाची जोती, पुढे अष्टप्रधानांच्या वाड्यांची जोती, आणि आपली माणसं त्यावर बसून चिप्सची पाकिटं फोडतायत.

आणि पुन्हा बांधायचंच म्हटलं तर कशावरून बांधणार, हे मला ग्रुपवरच्या एकानेही सांगितलेलं नाही. मे 1818 मध्ये इंग्रजांच्या प्रॉथरने गडावर तोफा डागल्या, आग लागली, अकरा दिवस गड जळत होता असं सांगतात, वरचं सगळं लाकूडकाम गेलं. त्याचे नकाशे नाहीत, उभ्या वाड्याचं चित्र नाही. नागोयाला होन्मारू राजवाडा लाकडात पुन्हा बांधला, 2018 मध्ये पुरा झाला, भाऊ त्याचेच फोटो टाकतो. पण त्या राजवाड्याची युद्धाआधी मोजमापं घेऊन रेखाटनं केलेली होती, भरपूर फोटो होते, आतली रंगवलेली सरकती दारं तर आधीच हलवून वाचवली होती. इतकं असून त्याच नागोयाचा मुख्य मनोरा भूकंपात टिकणार नाही म्हणून मे 2018 पासून बंद आहे, आणि काम अडलंय, कारण सिमेंटचा पाडून लाकडाचा बांधायचा म्हटल्यावर लिफ्ट ठेवायची की नाही ह्यावर भांडण, व्हीलचेअरवरच्या लोकांनी वर जायचं कसं हा प्रश्न. हे काही कोणी ग्रुपवर टाकत नाही. आणि मुळात 1873 मध्ये मेइजी सरकारने स्वतःच फर्मान काढून देशभरचे किल्ले मोडीत काढले हेही टाकत नाही. जपानी माणूस जन्मतःच वारसा जपणारा असतो असं काही नाही हो.

मग इथून घ्यायचं काय, तर ते मला पूल ओलांडल्यावर बागेत दिसलं. किल्ल्याच्या पायथ्याशी आसाही नदी आहे, त्सुकिमी पुलावरून पलीकडे गेलं की कोराकुएन. इकेदा त्सुनामासा ह्या दाइम्योने, म्हणजे इथल्या सरंजामदाराने, आपल्या त्सुदा नागातादा नावाच्या कारभाऱ्याला हुकूम दिला, 1687 ला काम सुरू झालं, 1700 ला बाग मुख्यतः तयार झाली. सव्वातेरा हेक्टर. 1934 च्या पुरात वाहून गेली, 1945 ला जळाली, आणि दोन्ही वेळा परत उभी राहिली, ती कोणाच्या कल्पनेतून नाही तर एदो म्हणजे तोकुगावा घराण्याच्या राज्याच्या काळातले नकाशे, चित्रं आणि कारभाऱ्यांच्या नोंदी होत्या म्हणून. कुठलं झाड कुठे, पाण्याची धार कुठून वळते, सगळं लिहून ठेवलेलं.

बागेत र्‍यूतेन नावाची एक लाकडी जागा आहे, युद्धातून वाचलेली. खाली भिंतीच नाहीत, नुसते खांब, आणि मधोमध जमिनीतून पाण्याचा पाट काढलाय, त्यात सहा रंगीत दगड. बूट काढून कडेला बसलो. पाणी एका बाजूने येतं, दगडांना वळसा घालून दुसऱ्या बाजूने जातं. पाटाच्या तळाशी एक पान नव्हतं. आजोबांना विचारलं तर म्हणाले, रोज सकाळी झाडतात, पानगळीत दिवसातून बऱ्याचदा. पलीकडे दोन माळी शिडीवर चढून पाइनच्या जुन्या सुया हाताने खुडत होते. हाताने, एकेक फांदी. ते काम दरवर्षी असतं. थंडी यायच्या आधी खोडांना गवताच्या चटया गुंडाळायच्या, फेब्रुवारीत हिरवळ जाळायची, मेमध्ये चहा खुडायचा, जूनमध्ये बागेतल्या छोट्या खाचरात भात लावायचा. बाग जपायची म्हणजे ही कामं ठरलेल्या दिवशी करायची आणि ती करणाऱ्या माणसाला पगार द्यायचा, ह्यापलीकडे त्यात काही गुपित नाही.

हे लिहिलं की लगेच येणार, तुमचं जपान, तुमची शिस्त. म्हणून सांगते, हे जपानचं नाहीच, आपलं आहे. रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात स्पष्ट आहे की गडावर केर पडू द्यायचा नाही, केर गडाखाली पण ढकलायचा नाही, जागच्या जागी जाळून ती राख परसात टाकायची आणि भाजीपाला करायचा. आंबे, फणस, चिंच, वड, पिंपळ लावायचे, लिंबं, नारिंगं लावायची, फुलझाडंसुद्धा लावायची, असलेली राखायची. तीनशे वर्षांपूर्वीचा हुकूम आहे हा, आपल्या राज्याचा. वाडा बांधा म्हणणाऱ्यांनी आणि दगड हलवू नका म्हणणाऱ्यांनी, दोघांनीही, गडावर झाडू कोण मारतं आणि त्याला महिन्याला काय मिळतं हे एकदा तरी विचारलंय का? वाडा हवा की नको ह्यावर वर्षानुवर्षं भांडता येतं आणि तोपर्यंत कोणाला काहीच करावं लागत नाही.

एक गोष्ट मात्र मला बागेत फिरताना सारखी टोचत होती आणि ती त्या आजोबांना सांगता आली नाही. 1687 ते 1700. हे लोक तळं खोदत होते, पाणी वळवत होते, बगळ्यासारखे ते लाल टोपीचे क्रेन पाळत होते, तेव्हा आपल्याकडे काय चाललं होतं? औरंगजेब दख्खनेत ठाण मांडून. 1689 ला संभाजी महाराजांना हालहाल करून मारलं, त्याच वर्षी रायगड पडला. राजाराम महाराज जिंजीला. आणि इकडे बाग तयार झाली त्याच 1700 साली तिकडे राजाराम महाराजांचं सिंहगडावर निधन झालं. तोकुगावांच्या राज्यात ह्यांना अडीचशे वर्षांची शांतता मिळाली, म्हणून नोंदी राहिल्या, म्हणून बाग राहिली. आपले गड लढले. म्हणून मला राग येतो जेव्हा कोणी म्हणतं की आपल्याकडे दाखवण्यासारखं काही उरलं नाही. उरलं नाही कारण ते वापरलं गेलं, शेवटच्या दगडापर्यंत. ती पडकी जोती हाच पुरावा आहे, आणि त्याच्यावर नवा कोरा वाडा चढवायला निघालेत.

आता काकांच्या बोलण्याबद्दल. परदेशात बसून सल्ले. खरं सांगू, इथेही मी बसलेली नाही, उभीच आहे. इतकी वर्षं झाली, टॅक्स इथे भरते, कचरा वारानुसार वेगळा करते, पण फेरीत शेजारच्या बाईंनी अगदी प्रेमाने विचारलं, "मग परत कधी जाणार?" आणि पुण्यात गेलं की रिक्षावाला पण ओळखतो की ही बाहेरची झालीय. माझी मुलगी शाळेच्या सहलीला हिमेजीला जाऊन आली आणि म्हणाली, "आई, आपला किल्ला केवढा पांढरा आहे." आपला! मी काही बोलले नाही. चुकीचं तर नाही ना ते, ती इथेच जन्मली. पण माझ्या पोटात कालवलं, आणि मला वाटतं त्या दिवसापासून मी ग्रुपवर जास्त बोलायला लागले. तिला रायगडावर न्यायचंय आणि तिथे तिने "आपला" म्हणायला हवंय. ते सिमेंटच्या, नाहीतर अंदाजपंचे उभारलेल्या वाड्यासमोर ती म्हणणार नाही, तिने हिमेजीचं चारशे वर्षांपूर्वीचं खरं लाकूड बघितलंय. पण पाचाडचा किंवा हिरकणीवाडीचा कोणी जाणता माणूस, जगदीश्वराच्या पायरीवरचं हिरोजी इंदुलकरांचं नाव बोटाने वाचून दाखवत, बाजारपेठेतून, गंगासागरापर्यंत तीन तास चालवेल, तर म्हणेल. अशी माणसं आहेत गडावर आजही. आपण त्यांच्याशी दोनशे रुपयांसाठी घासाघीस करतो आणि वाड्यासाठी कोटींचे आकडे टाकतो.

तेव्हा माझं म्हणणं एवढंच आहे की आधी त्या माणसांना नीट शिकवून, ठरलेला पगार देऊन, ओळखपत्र देऊन उभं करा. जोत्यांवर चढायला बंदी, बाजूने पायवाट. प्रत्येक टाक्याची, प्रत्येक झाडाची नोंद. तिकीट वाढवायचं तर वाढवा, हिमेजीला मार्च 2026 पासून शहराबाहेरच्यांना 2500 येन आहे, मी पण देणार, मुलं फुकट.

आणि "आपल्या लोकांना असलं काही जमणार नाही" हे वाक्य तर कोणी लिहूच नका, कारण माझं माहेर सिंहगड रोडचं आहे. ह्याच कोराकुएनच्या धर्तीवर पुण्याने ओकायामाशी असलेल्या मैत्रीखातर दहा एकरांची बाग केलीय, पु. ल. देशपांडे उद्यान. ओकायामाच्या आजोबांना मी पुण्याची म्हटल्यावर त्यांचा चेहरा खुलला तो ह्याच बागेमुळे, त्यांना ती माहीत होती. तिथे आपलीच माणसं तिकीट काढतात, रांगेत आत जातात, हिरवळीवर पाय पडला आणि शिट्टी वाजली की मुकाट्याने मागे सरकतात. काका स्वतः तिथे रोज सकाळी फिरायला जातात. मग तेच नियम, तेच माळी आणि तीच शिट्टी रायगडावर का चालणार नाही, ह्याचं उत्तर त्यांनी ग्रुपवर द्यावं.