रंगभूमीवरची पेगी राहूनच गेली

पेगी अ‍ॅशक्रॉफ्ट या ब्रिटिश अभिनेत्रीवरचा तुमचा लेख आवडला, पण सगळा भर 'अ पॅसेज टू इंडिया' या चित्रपटातल्या मिसेस मूरच्या भूमिकेवर आणि तिला मिळालेल्या ऑस्करवरच. अहो, ते मिळालं तेव्हा बाई ७७ वर्षांच्या होत्या! त्याआधीची पन्नासेक वर्षं रंगभूमीवर गेली, ती तुम्ही दोन ओळींत उरकलीत.

१९३०मध्ये लंडनच्या सॅव्हॉय थिएटरात शेक्सपिअरच्या नाटकात पॉल रोबसनच्या ऑथेल्लोसमोर त्या त्याची बायको डेस्डिमोना होत्या. कृष्णवर्णीय नटाबरोबर गोऱ्या नटीनं प्रेमप्रसंग रंगवायचे म्हणजे त्या काळी कित्येकांनी नाकं मुरडलीच. १९३५ची ज्युलिएट तर और! गिलगुड आणि ऑलिव्हिए हे दोघे नट रोमिओ आणि त्याचा मित्र मर्क्युशिओ आलटून पालटून करायचे, म्हणजे हिच्या वाट्याला दोन तऱ्हांचे रोमिओ. आणि शेक्सपिअरच्या ऐतिहासिक नाटकांतली, १९६३ची राणी मार्गारेट? पंचावन्नाव्या वर्षी कोवळ्या तरुणीपासून जख्ख म्हातारीपर्यंतचा प्रवास, तोही शेक्सपिअरच्या गावी, स्ट्रॅटफर्डच्या प्रेक्षकांसमोर.

बाकी मला विचाराल तर मिसेस मूरपेक्षा 'द ज्युएल इन द क्राउन' मालिकेतली बार्बी सरस. तीही १९८४चीच. एकाकी, जरा जास्तच बोलणारी मिशनरी बाई. तिचा लेखात उल्लेखही नाही, हे मात्र खटकलं.